पांढऱ्या दगडांचं शेत

आयुष्यात मी चोरी एकदाच केली, आणि तीही दगडांची. लहानपणी कुणाच्या कैऱ्या पाडल्या नाहीत, वर्गात कुणाची पेन्सिल ढापली नाही. ती सगळी हौस पन्नाशीनंतर आयर्लंडमधल्या एका खेड्यात येऊन फेडली. डोक्याला स्कार्फ, पायात नवऱ्याचे रबरी बूट, हातात स्वयंपाकघरातलं उलथणं, अशा अवतारात मी सकाळी सकाळी समोरच्या म्हातारीच्या शेतात शिरायचे आणि चांगले पांढरेशुभ्र दगड निवडून पिशवीत भरून आणायचे. म्हातारी तेव्हा हॉस्पिटलात होती. म्हणजे धनीण घरी नसताना केलेली चोरी.

मला अर्थात ती चोरी वाटत नव्हती. मी तेव्हा फार शहाणी होते. आता सत्तरी ओलांडल्यावर शहाणपण बरंच उतरलंय, त्यामुळे घरच्यांना बरं पडतं.

परवा नातीनं शाळेसाठी गावाची माहिती विचारली. ती इंग्रजीत विचारते, मी मराठीत सांगते, आणि दोघींनाही आपणच जिंकलो असं वाटतं. मी तिला बंद पडलेली दूध डेअरी सांगितली, जिथे आता कुणी योगासनं शिकवतं. पोस्ट होतं ते दुकान सांगितलं. हर्लिंगच्या, म्हणजे इथल्या काठी-चेंडूच्या खेळाच्या, मैदानासाठी कुणी जमीन दिली आणि मग त्यावरून दोन भाऊ बोलेनासे कसे झाले, तेही सांगितलं. शेताचं मात्र सांगितलं नाही. जीभ उचलली नाही, म्हणून आता पेन उचलते आहे.

आमच्या ह्यांना वॉटरफोर्डजवळच्या औषधांच्या कारखान्यात नोकरी लागली तेव्हा सगळ्यांनी शहरात घर घेतलं आणि आम्ही खेड्यात. कारण ह्यांना शांतता हवी होती आणि मला अंगण. शांतता इतकी मिळाली की पहिल्या महिन्यात मी प्रेशर कुकरची शिट्टी ऐकायला म्हणून दोनदा डाळ लावली. गाव म्हणजे एक रस्ता. वरच्या टोकाला चर्च, खालच्या टोकाला पूल, मध्ये घरं. सकाळी बातम्यांनंतर इथल्या रेडिओवर आसपासच्या गावांतली मृत माणसं वाचून दाखवतात, नाव, गाव, कुणाची कोण, अंत्यविधी किती वाजता. दुकानात त्या वेळी गेलात तर कुणी बोलत नाही. दुकानदार ब्रेडवर हात ठेवून ऐकत उभा. मग अख्खं गाव त्या घरी जातं, रांगेनं हात हातात घेतं, चहा पितं. उन्हाळ्यात एका रविवारी कबरींचा दिवस असतो. त्याआधी आठवडाभर लोक गुडघे टेकून गवत उपटतात, पणजीच्या दगडावरची अक्षरं ब्रशनं घासतात. मेलेल्या माणसाला इतकं जपणारं गाव मी पाहिलं नव्हतं. म्हणून तर पुढचं कळलं तेव्हा जास्त लागलं.

समोरची म्हातारी ऐंशीच्या आसपासची, नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली, मुलं ऑस्ट्रेलियात. मी आले त्या आठवड्यात ती मागच्या दारानं, न ठोठावता, सरळ स्वयंपाकघरात आली आणि म्हणाली की आज कपडे वाळायला उत्तम दिवस आहे, तू आत काय करतेस. इथे मागच्या दारानं येतात ती आपली माणसं. पुढच्या दारानं पाद्री, पोलीस आणि मतं मागणारे. मी पन्नाशीची, पण ती मला 'पोरी' म्हणायची, आणि ऐंशीच्या बाईनं पोरी म्हटलेलं कुणाला आवडत नाही? मी तिला डब्यातून काही दिलं की डबा रिकामा परत यायचा नाही. कधी दोन अंडी, कधी स्कोन नावाचे छोटे पाव, एकदा तर नुसती बागेतली पार्सलीची जुडी. आईची आठवण यायची. आमच्या आईनंही कुणाचं भांडं कधी रिकामं परत केलं नाही.

त्या वर्षी थंडी संपता संपता ती खुब्याच्या ऑपरेशनला गेली. या वयात कशाला, असं मी तिला विचारलंसुद्धा. ती म्हणाली, उन्हाळ्यात एके ठिकाणी चालत जायचंय. मला वाटलं असेल कुठली जत्रा. मी विचारलं नाही. ऑपरेशननंतर ती बरेच आठवडे एका शुश्रूषागृहात राहिली, आणि तेवढ्या काळात मी माझा पराक्रम उरकला.

कारण असं झालं की गाव सुंदर ठेवण्याची कसलीशी स्पर्धा होती. फुलं, कुंड्या, रंगवलेले दरवाजे. फुलांच्या मंडळाच्या बाई घरोघर फिरून बघत होत्या. त्या माझं अंगण बघून 'ग्रँड' म्हणाल्या. मी दोन दिवस हवेत. मग कळलं की इथे ग्रँड म्हणजे भव्य नव्हे. 'ठीक आहे, चालेल' एवढंच. आणि चालेल म्हणवून घ्यायला मी इतक्या लांब आले नव्हते.

म्हातारीच्या घरामागे तिचं शेत. ते तिनं एका गाईवाल्याला कसायला दिलं होतं. शेताच्या मधोमध मातीचा एक बुटका गोल बांध, पार झिजलेला, आणि त्या गोलात एकच वाकडं काटेझाड. इथे त्याला हॉथॉर्न म्हणतात. ट्रॅक्टर यायचा आणि त्या गोलाला वळसा घालून जायचा. आतलं गवत कुणी कापायचं नाही. आमचे हे खिडकीतून बघत म्हणाले, काहीतरी असेल तिथे. मी म्हटलं, काही नसतं, आळस असतो. मराठी माणसाला दुसऱ्याचा आळस लांबूनही दिसतो.

आणि त्या गवतात ते दगड. गारगोटीचे, काही मुठीएवढे, काही लहानशा नारळाएवढे, अर्धे मातीत रुतलेले. मी वाकून बघितलं तेव्हा ते ओळीत मांडल्यासारखे वाटले, हे खरं आहे. माझ्या मनात आलं, मुलांनी कधीतरी खेळ मांडला असेल आणि तसाच सोडून दिला असेल. हे वाक्य माझ्या मनात आलं होतं, हे मला अजून आठवतं. आठवू नये असं वाटतं, पण आठवतं.

उलथण्यानं माती सैल करायची, दगड हलवायचा, काढायचा. पुढच्या अंगणात गुलाबाच्या वाफ्याला पांढरी कड झाली. मग वाटेच्या दोन्ही बाजूंना. ह्यांनी एकदाच विचारलं, कुणाच्या शेतातले गं? मी म्हटलं, दगडच ते, अहो, सोनं थोडंच आहे.

त्यातला एक मात्र मी कडेला लावला नाही. तो झाडापाशी मुळांत अडकला होता आणि बाकीच्यांसारखा खडबडीत नव्हता. लांबट गोल, समुद्रात घासल्यासारखा गुळगुळीत, आणि कपाळाच्या जागी आडवी लाल रेघ. थेट मळवट. आमच्या कुलदेवीचा तांदळा असाच आहे, नाकडोळे नसलेला, नुसता दगड. तो जाऊबाईंकडे. मी इकडे निघाले तेव्हा मागितला होता, तर त्या म्हणाल्या, देवीला थंडी सोसायची नाही. मला सोसेल की नाही ते कुणी विचारलं नव्हतं. तर हा दगड हातात घेतल्यावर मला भरून आलं. मी तिथेच गवतात नमस्कार केला आणि पदराखाली घ्यावा तसा कोटाखाली घेऊन आले.

मागच्या अंगणात पूर्वेच्या भिंतीशी त्याची स्थापना झाली. रोज अंघोळ झाली की तांब्याभर पाणी, मग हळद-कुंकू, मग कुंपणावरचं जे फुलेल ते. शुक्रवारी दूध. आमचे हे हात जोडायचे, पण तोंड गप्प बसेल तर ना. म्हणाले, या देवीचा व्हिसा कुणी काढला? मी म्हटलं, माझ्या अवलंबितांत घाला.

फुलांच्या मंडळाच्या बाई पुन्हा आल्या तेव्हा मी मुद्दाम पुढच्या दारात उभी होते. त्या फाटकापाशी थांबल्या. वाटेच्या कडेला बघितलं, गुलाबाकडे बघितलं. चेहरा कसासाच झाला. मी चहाला बोलावलं तर घाईत आहे म्हणाल्या आणि गेल्या. मला वाटलं, जळली. त्या दिवशी मी शिरा केला.

म्हातारी परत आली ती उन्हाळ्याच्या सुरुवातीला, काठी घेऊन. दोन-तीन दिवस मी तिला डबे दिले, ती पडूनच होती. आणि एके दिवशी दुपारच्या आधी माझ्या पुढच्या दाराची घंटा वाजली. काचेतून तिची आकृती दिसली. तिच्या बुटांना शेतातला चिखल होता. पुढच्या दारानं ती कधीच आली नव्हती. तरी माझ्या डोक्यात उजेड पडला नाही. दार उघडलं तर ती माझ्याकडे बघत नव्हती, वाटेच्या कडेला बघत होती. मी आपली उत्साहात सांगायला लागले, बघितलंस का, दुकानात एवढ्या दगडांना किती मोजावे लागले असते, तुझ्याच शेतात नुसते पडले होते, मी सगळे एकटीनं आणले.

ती म्हणाली की तिला बसायला हवं. मी तिला स्वयंपाकघरात टेबलाशी बसवलं आणि चहा दिला.

ती बोलली ते सगळं मी इथे तिच्या शब्दांत लिहू शकणार नाही. थांबत थांबत, टेबलाच्या कडेवरून बोट फिरवत तिनं सांगितलं. पूर्वी या भागात जी बाळं मेलेली जन्मायची, किंवा डोक्यावर बाप्तिस्म्याचं पाणी पडायच्या आत जायची, त्यांना चर्चच्या आवारात जागा नसायची. तशी चाल होती. बाप किंवा काका अंधार पडल्यावर एखाद्या पेटीत बाळ घेऊन अशा जागी जायचा, जिथे कुणी नांगर घालत नाही. जुना मातीचा गोल, काटेझाड, दोन शेतांमधली हद्द. पाद्री नाही, प्रार्थना नाही, नाव नाही. ओळखीला फक्त एक दगड. आई बाळंतपणाच्या खाटेवर. दुसऱ्या दिवशी घरात तो विषय संपलेला असायचा. गावाच्या किती पिढ्यांची बाळं त्या गोलात आहेत, ते कुणालाच माहीत नाही. ज्या गावात मेलेल्यांची नावं रोज रेडिओवर ऐकतात, तिथे इतकी वर्षं या जागेचं नाव कुणी तोंडातून काढलं नव्हतं.

तिचा पहिला मुलगा तिथे होता. जन्मला तो रडलाच नाही.

लग्नाआधी तिच्या नवऱ्यानं समुद्रावरून एक दगड आणून दिला होता. गुळगुळीत, लाल रेघेचा. तो स्वयंपाकघराच्या खिडकीत असायचा. त्या संध्याकाळी नवरा पेटी घेऊन निघाला तेव्हा तिनं खाटेवरून त्याला म्हटलं, शेतातला दगड ठेवू नको, आपला ठेव. तो ठेवून आला. ती मात्र त्या गोलात कधी गेली नाही. आधी सासू जाऊ देत नव्हती, मग तिनं तिथे जायचा विषय काढला की नवरा उठून गोठ्यात जायचा, मग पुढची मुलं झाली, मग सवय झाली. भांडी घासताना खिडकीतून काटेझाड दिसायचं, त्याखाली पांढरे ठिपके दिसायचे. त्यातला एक आपला, एवढंच.

आणि या उन्हाळ्यात, इतक्या वर्षांनी, पाद्री त्या शेतात जाऊन ती जागा पवित्र करणार होता. गावानं ठरवलं होतं. त्यासाठी तिनं खुबा बदलून घेतला होता. त्या दिवशी आपल्या पायांनी आत जायचं आणि आपला दगड शोधायचा, की हा इथे आहे. त्याआधी एकदा बघून यावं म्हणून ती आज सकाळी गेली, आणि आत नुसतं गवत होतं.



मला त्या क्षणी काय आठवावं? आईचं पहिलं बाळ. माझ्याही आधीचं, आठवडाभराचं. आमच्याकडेही दात न आलेल्या लेकराला जाळत नाहीत, पुरतात. आजोबा आणि चुलते घेऊन गेले नदीकाठी, बायका जात नाहीत. पुढे आम्ही मामाकडे जाताना एसटी त्या नदीच्या पुलावरून जायची आणि आई दर वेळी तोंड दुसरीकडे वळवायची. मी कार्टी खिडकीशी बसलेली असायचे आणि मुद्दाम तिची हनुवटी धरून वळवायचे, आई बघ ना, केवढं पाणी आलंय. ती एकदाही रागावली नाही. मी हे म्हातारीला सांगितलं, मोडक्यातोडक्या शब्दांत. का सांगितलं ते ठाऊक नाही, माफी मागायला तोंड नव्हतं म्हणून असेल. तिनं विचारलं, तुझी आई मग कधी गेली का तिथे? मी नाही म्हणून मान हलवली. तिनं कप बशीत ठेवला.

मग मी म्हटलं, तो लाल रेघेचा दगड आहे. माझ्याकडे आहे. ये.

मागच्या दारापर्यंत मी तिला धरून नेलं आणि तिथे मला दिसलं की ती काय बघणार आहे. सकाळचीच पूजा. रेघेवर ओलं कुंकू ओघळलेलं, हळद, दोन पिवळी फुलं. ती उंबऱ्यावर थबकली. परक्या बाईच्या अंगणात तिच्या मुलाच्या दगडावर लाल ओघळ. मी घाईघाईनं सांगायला लागले, आमच्याकडे असं करतात, हा मान आहे, मी याला देव समजले, माझं चुकलं, मी आत्ता पुसते. मी पदर शोधायला लागले, आणि अंगात होता स्वेटर.

तिनं माझं मनगट धरलं.

"पाणी कुणी घातलं?"

"मी. रोज घालते."

"रोज?"

"रोज. अंघोळीनंतर."

"वरून? डोक्यावरून?"

मी हो म्हटलं. तेव्हाही मला तिच्या विचारण्याचा अर्थ कळला नव्हता. शहाणी ना मी. तिनं काठी भिंतीला टेकवली, माझ्या पालथ्या बादलीवर बसली, आणि पुन्हा घाल म्हणाली. मी आतून तांब्या भरून आणला. मी वाकून पाणी घातलं, सावकाश, एका धारेनं. कुंकू धुऊन फरशीवर गेलं आणि रेघ तेवढी राहिली. ती रडली नाही. ओठ हलत होते. नंतर मला जाणवलं की ती एक नाव म्हणत होती. ते नाव मी त्याआधी कधी ऐकलं नव्हतं, आणि इथे लिहिणार नाही.

आमचे हे संध्याकाळी घरी आले, मी सगळं सांगितलं. 'मी म्हटलं होतं' हे वाक्य त्यांनी गिळलं. त्यांच्यासारख्या माणसाला ते किती जड गेलं असेल ते मला माहीत आहे, आणि त्याबद्दल मी त्यांचे बरेच गुन्हे माफ केले आहेत. त्यांनी ढकलगाडी काढली. सगळे दगड आम्ही गोलाच्या कडेपाशी नेऊन ठेवले. कुठला कुठे होता ते मला माहीत नव्हतं. बहुतेक खुणांवर गवत चढलं होतं.

मला वाटलं होतं आता गावात तोंड दाखवायला नको. पण दुसऱ्या दिवशी सकाळी खिडकीतून बघते तर शेतात माणसं. दुकानदार, डेअरीतला जुना माणूस, फुलांच्या मंडळाच्या त्या बाई, आणखी काही म्हातारे. म्हातारीनं कुणाकुणाला फोन केला असेल. एकेक जण दगडांच्या ढिगापाशी यायचा, एक उचलायचा, आत जाऊन थोडा वेळ उभा राहायचा आणि गवतात ठेवायचा. कुणी बरोबर जागी ठेवला, कुणी चुकीच्या, कोण सांगणार? मंडळाच्या बाईंनी दोन ठेवले. दुकानदारानं एक ठेवला आणि टोपी काढून तसाच उभा राहिला, तेव्हा त्याच्या शेजारची माणसं दुसरीकडे बघत राहिली. त्या सकाळी मला कळलं की गावातल्या किती घरांत काय काय न बोललेलं होतं, आणि बहुधा त्यांनाही एकमेकांबद्दल तेव्हाच कळलं. मला कुणी रागावलं नाही. कुणी रागावलं असतं तर मी जरा जास्त जेवले असते.

शेवटी म्हातारी आली, एका हातात काठी, दुसऱ्या हातात आमच्या ह्यांचा दंड. तिचा लाल रेघेचा दगड मी उचलला होता. पिशवीत टाकायची हिंमत झाली नाही, छातीशी धरला होता. बांधावरून तिला आत घ्यायला वेळ लागला. आत पाऊल ठेवल्यावर तिनं मला विचारलं, कुठे होता?

झाडाच्या मुळांत, एवढं मला पक्कं माहीत होतं. पण मुळं काय एकाच बाजूला असतात? मी त्या सकाळी देवी सापडल्याच्या आनंदात होते. डावीकडून वाकले होते की उजवीकडून, घर समोर होतं की पाठीशी, काही म्हणजे काही आठवत नव्हतं. मुळांत दोन खळगे दिसत होते, दोन्ही तेवढेच. ती माझ्याकडे बघत होती. आयुष्यभर ती या एका उत्तराकडे चालत आली होती, आणि उत्तर माझ्यासारख्या बाईच्या हातात येऊन पडलं होतं.

मी झटकन बोट दाखवलं. म्हटलं, इथे, अगदी इथेच, मला चांगलं आठवतं.

ती त्या खळग्याशी बसली. नव्या खुब्यानं बसता येतं की नाही, डॉक्टरांनी सांगितलं होतं की नाही, कुणी विचारलं नाही. दगड तिनं स्वतः ठेवला आणि हातानं माती दाबली. जमिनीवर हात तसाच ठेवून ती बराच वेळ होती.

शेत पवित्र करायच्या दिवशी पावसाची झिमझिम होती. पाद्री तरुण होता. त्यानं गोलाभोवती फिरत पाणी शिंपडलं. म्हातारी तिच्या दगडापाशी खुर्चीवर, मी तिच्या मागे छत्री घेऊन. तिच्या मुलाला पाणी आधीच मिळालं होतं असं कदाचित तिच्या मनात असेल, तिनं मला सांगितलं नाही. मग सगळ्यांनी गाड्यांच्या डिकी उघडून त्यावर चहा आणि सँडविचं मांडली. इथे त्याशिवाय काही पुरं होत नाही.

त्यानंतर ती दर रविवारी तिथे जायला लागली. मी खिडकीतून बघायचे. ती त्या खळग्याशी उभी राहून बोलायची, कधी हसायचीसुद्धा. आणि मी इकडे भाजी चिरता चिरता थांबायचे. समजा तो दुसऱ्या खळग्यात असेल तर? समजा ती दर वेळी गवताशी बोलते आहे आणि मुलगा दोन हातांवर एकटा आहे? पापाला वजन असतं म्हणतात, माझं तर चांगलं दोन किलोचं होतं, लाल रेघेसकट. माझी ही खोटी जागा तिच्या एका जन्माची जागा झाली होती. ह्यांना सांगितलं तर ते म्हणाले, आता सांगून कुणाचं भलं होणार? ते बरोबर होतं. तरी मला झोप लागायची नाही.

ती आता चर्चच्या आवारात आहे, नवऱ्याशेजारी. रेडिओवर तिचं नाव वाचलं तेव्हा मी दुकानातच होते. शेताच्या फाटकाला आता पाटी आहे, शाळेची मुलं शिक्षिकेबरोबर येतात, बांधावर चढून उड्या मारतात आणि ओरडा खातात. पण ते नंतरचं. ती जायच्या आधीच्या हिवाळ्यात तिचा पलंग खाली, स्वयंपाकघरात आणला होता, खिडकीशी. एका दुपारी मी तिला सूप भरवत होते, आणि मला राहवेना. मी चमचा खाली ठेवला आणि म्हटलं, मला तुला त्या जागेबद्दल एक सांगायचंय. तिनं हात वर केला, थांब म्हणून. आणि खिडकीबाहेर बघत जे म्हणाली ते मी शब्दाला शब्द लिहिते. ती इंग्रजीत म्हणाली, मला मात्र ते मराठीतच ऐकू आलं आणि तसंच राहिलं.

"पोरी, तुला आठवत नव्हतं, ते मला तेव्हाच कळलं. माझा नवरा अंधारात गेला होता गं, आणि परत कधी आत गेला नाही. मी त्याला विचारायचे, याच खिडकीतून, कुठे ठेवलास? तोही तुझ्यासारखंच झटकन बोट दाखवायचा, आणि दर वेळी वेगळीकडे. मी दर वेळी बरं म्हणायचे."